एका छताखालील दुरावा : जवळच्या नात्यांतील विसंवादाची मीमांसा

मानसशास्त्र ज्याला भावनिक दुरावा म्हणते ती अवस्था भांडणाहून वेगळी असते आणि पुष्कळदा भांडणापेक्षा फार शांत असते. दोन माणसे एकाच घरात राहतात, किराणा, मुलांची फी, आजारपण, पाहुणेरावळे आणि सणवार हे सारे व्यवहार नीट पार पाडतात. परंतु आपल्याला कशाची भीती वाटते, कशाने बरे वाटते आणि कोणती गोष्ट मनाला लागून राहिली आहे, हे एकमेकांना सांगणे त्यांनी सोडून दिलेले असते. विसंवाद ही याहून निराळी गोष्ट आहे. बोलणाऱ्याच्या मनातला अर्थ आणि ऐकणाऱ्याने घेतलेला अर्थ यांत पडलेली तफावत म्हणजे विसंवाद. तो एखाद्या वाक्यापुरता असू शकतो आणि दोन वाक्यांत मिटूही शकतो. मात्र न मिटलेले असे प्रसंग साचत गेले की बोलून काही उपयोग नाही अशी खात्री पटू लागते आणि तिथून विसंवादाचे रूपांतर दुराव्यात होते.

परक्यांशी तोलूनमापून बोलणारी माणसे घरच्यांच्याच बाबतीत इतकी का चुकतात, हा या विषयातला मूळ प्रश्न आहे. त्याच्या उत्तराचा एक भाग मानवी मनाच्या सवयींत सापडतो आणि दुसरा कुटुंबाच्या बदलत्या रचनेत. पन्नास वर्षांत अनेक पटींनी वाढलेले छत्रपती संभाजीनगर हे शहर हा दुसरा भाग समजून घेण्यासाठी विशेष उपयोगी आहे.

जवळिकीचा भ्रम

आपल्या मनात जे स्पष्ट आहे ते समोरच्यालाही तितकेच स्पष्ट दिसत असणार, असे माणसाला स्वभावतः वाटते. स्टॅनफर्ड विद्यापीठात एलिझाबेथ न्यूटन यांनी 1990 मध्ये केलेला एक साधा प्रयोग यासंबंधात नेहमी सांगितला जातो. काही जणांना ओळखीच्या गाण्याचा ठेका बोटांनी टेबलावर वाजवायला सांगण्यात आले आणि समोरच्यांनी तो ऐकून गाणे ओळखायचे होते. निम्म्या वेळा तरी गाणे ओळखले जाईल असा वाजवणाऱ्यांचा अंदाज होता. प्रत्यक्षात 120 पैकी केवळ 3 गाणी ओळखली गेली. वाजवणाऱ्याच्या डोक्यात चाल आणि शब्द दोन्ही घुमत असतात, ऐकणाऱ्यापर्यंत मात्र फक्त टकटक पोहोचते. घरात उच्चारल्या जाणाऱ्या अर्ध्या-मुर्ध्या वाक्यांचेही असेच होते.

जवळिकीने ही चूक कमी व्हावी अशी अपेक्षा असते, पण ती उलट वाढते, असे केनेथ सॅवित्स्की, बोअझ केसार, निकोलस एप्ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2011 मध्ये प्रसिद्ध केलेल्या संशोधनात दिसून आले. पतिपत्नींना अनेक अर्थ निघू शकतील अशी वाक्ये बोलायला आणि समोरच्याला त्यांतील नेमका अर्थ ओळखायला सांगितले असता, जोडीदाराने बोललेल्या वाक्याचा अर्थ त्यांना अनोळखी माणसाच्या वाक्यापेक्षा अधिक अचूक ओळखता आला नाही. तरीही आपला जोडीदार आपल्याला बरोबर समजेल हा बोलणाऱ्यांचा विश्वास मात्र कितीतरी अधिक होता. परक्याशी बोलताना माणूस त्याच्या बाजूने विचार करतो, जादा तपशील देतो, समजले का ते पाहतो. आपल्या माणसाशी बोलताना ही पडताळणी तो गाळतो. ‘एवढेही सांगावे लागते का?’ ही तक्रार याच भ्रमातून जन्म घेते. सांगितल्याशिवाय ओळखणे हेच प्रेमाचे लक्षण मानले गेले की न ओळखणे हा प्रेमाच्या अभावाचा पुरावा ठरतो आणि साधी माहितीची उणीव मनाला झालेली जखम बनते.

लिखित संदेशांनी या भ्रमाला नवे क्षेत्र मिळवून दिले आहे. जस्टिन क्रूगर, एप्ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2005 मध्ये ईमेलमधील उपरोध वाचणाऱ्याला कितपत कळतो हे तपासले, तेव्हा लिहिणाऱ्यांना सुमारे 78 टक्के वेळा तो कळेल असे वाटत होते, प्रत्यक्षात तो सुमारे 56 टक्के वेळाच कळला. म्हणजे नाणे उडवून निर्णय घेण्यापेक्षा फारसा बरा निकाल लागला नाही. व्हॉट्सॲपवरचे ‘ठीक आहे’ हे उत्तर संमती, कंटाळा, राग आणि घाई या चारही अर्थांनी वाचता येते, कारण आवाजाचा चढउतार त्यातून गेलेला असतो आणि त्याची जागा वाचणारा आपल्या त्या वेळच्या मनःस्थितीने भरून काढतो.

मजकूर आणि नाते

पॉल वॉट्झलाविक, जॅनेट बीव्हिन आणि डॉन जॅक्सन यांनी 1967 मध्ये मांडलेला एक सिद्धान्त असा की प्रत्येक बोलण्याला दोन पातळ्या असतात : एक मजकुराची, म्हणजे कोणती माहिती दिली किंवा मागितली गेली याची, आणि दुसरी नात्याची, म्हणजे या बोलण्यातून बोलणारा समोरच्याला कोण मानतो याची. त्यांनी असेही दाखवले की गप्प राहणे हेही बोलणेच असते, कारण गप्प राहण्याचाही समोरच्याकडून अर्थ लावला जातोच.

मराठवाड्याच्या खेड्यांतून स्पर्धा परीक्षांच्या किंवा वैद्यकीय प्रवेशाच्या तयारीसाठी हजारो विद्यार्थी छत्रपती संभाजीनगरात येऊन वसतिगृहांत, खोल्यांत किंवा अभ्यासिकांच्या आसपास राहतात आणि रोज रात्री त्यांचा घरी फोन होतो. ‘जेवलास का’, ‘पैसे पुरतील का’, ‘पाऊस झाला का’ एवढ्यावर हे संभाषण बहुधा संपते. मजकुराच्या पातळीवर ते अगदी तुटपुंजे असते, पण नात्याच्या पातळीवर ‘तुझी काळजी वाटते’ हे त्यातून सांगितले जात असते. अडचण तेव्हा येते, जेव्हा दोघांपैकी एक जण एका पातळीवर बोलतो आणि दुसरा दुसऱ्या पातळीवर ऐकतो. ‘अभ्यास कसा चाललाय?’ या प्रश्नात वडिलांनी आपुलकी घातलेली असते आणि मुलाला त्यात हिशेब मागितल्याचा सूर ऐकू येतो. मुलगा ‘चाललाय’ एवढेच म्हणतो आणि वडिलांना त्यात उद्धटपणा दिसतो. आधी मिळालेले अपयश, गावाकडे न आलेले पीक, काढलेले कर्ज हे विषय दोघांच्याही मनात असतात, पण समोरच्याला ताप नको म्हणून दोघेही ते टाळतात. एकमेकांना जपण्याच्या हेतूने पाळलेले हे मौनच पुढे दुराव्याचे कारण होते.

घराची बदललेली रचना

1961 च्या जनगणनेत औरंगाबादची, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगराची, लोकसंख्या सुमारे एक लाख होती. 2011 मध्ये ती 11 लाख 75 हजारांवर गेली. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाच्या वसाहती, सत्तरच्या दशकापासून सिडकोने वसवलेला नवा भाग, आणि 1985 मध्ये वाळूजला सुरू झालेला बजाज कंपनीचा वाहन कारखाना व त्यापाठोपाठ आलेले सुटे भाग बनवणारे उद्योग, यांमुळे आसपासच्या जिल्ह्यांतील तरुण कुटुंबे मोठ्या संख्येने शहरात आली. गुलमंडी, बेगमपुरा किंवा खेड्यातला वाडा यांतल्या एकत्र घरांच्या जागी बजाजनगर, सिडको आणि हडकोतील दोन-तीन खोल्यांची घरे आली आणि त्यांत पतिपत्नी व मुले एवढेच कुटुंब उरले.

जुन्या एकत्र कुटुंबात पतिपत्नींमध्ये मोकळा संवाद होता असे मानण्यास आधार नाही. दिवसा चारचौघांत एकमेकांशी बोलणेही अनेक घरांत संकोचाचे मानले जाई. मात्र मनातले बाहेर पडण्याच्या इतर वाटा तिथे होत्या. पुरुषांना पार, चावडी आणि भजनी मंडळ होते. स्त्रियांना पाणवठा, माहेर आणि पहाटेचे जाते होते. हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांनी महाराष्ट्रातील खेड्यांमधून संकलित केलेल्या जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्यांत सासुरवास, माहेरची ओढ, लेकीची चिंता आणि भावाविषयीची माया यांचे जे दर्शन घडते, ते पाहता समोरासमोर बोलता न येणाऱ्या किती गोष्टी या एका वाटेने वाहत होत्या याची कल्पना येते. त्या वाटांनी अन्याय दूर झाला नाही, पण मनावरचा भार काहीसा हलका होत असे.

विभक्त कुटुंबात या बाजूच्या वाटा बंद झाल्या आणि पूर्वी आई, बहीण, मैत्रीण, मित्र, चुलता अशा अनेकांमध्ये वाटली गेलेली भावनिक गरज एकट्या जोडीदारावर येऊन पडली. हे नवे काम पेलण्याचा सराव मात्र आधीच्या पिढीकडून मिळालेला नव्हता, कारण आईवडील एकमेकांशी मनातले बोलताना मुलांनी क्वचितच पाहिले होते. त्यात कारखान्यांच्या पाळ्यांनी वेळेची अडचण वाढवली. पहिली, दुसरी आणि रात्रीची शिफ्ट आलटून पालटून करणारा कामगार घरी येतो तेव्हा मुले झोपलेली असतात किंवा शाळेत असतात, पत्नीही नोकरी करत असेल तर आठवड्यातले काही दिवस दोघांची भेट दारातच होते. मिळालेला थोडा वेळ कामाच्या बोलण्यात जातो. जायकवाडी धरणाचे पाणी काही दिवसांच्या अंतराने येणाऱ्या या शहरात नळाचा दिवस, टाकी, टँकर हाच घरातल्या बोलण्याचा मोठा भाग होऊन बसतो. असे कामाचे बोलणे आवश्यकच असते, परंतु घरात तेवढेच उरले की बोलणे भरपूर आणि सांगणे काहीच नाही अशी स्थिती येते.

तिसऱ्याच्या तोंडून

थेट बोलणे अवघड वाटते तेव्हा माणसे तिसऱ्याला मध्ये घेतात. अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ मरे बोवेन यांनी याला कुटुंबातील त्रिकोण म्हटले : दोन व्यक्तींमधला ताण असह्य झाला की तिसरी व्यक्ती त्यात ओढली जाते, त्यामुळे ताण तात्पुरता उतरतो, पण मूळ दोघांमधला प्रश्न तसाच राहतो. मराठी घरात हा त्रिकोण ओळखायला कठीण नाही. बाबांशी ‘अहोजाहो’ आणि आईशी ‘अगंतुगं’ करणारी मुले वडिलांकडून हवे ते आईमार्फत मागतात, वडील आपली नाराजी आईमार्फतच कळवतात, आणि दोन्ही बाजूंचे निरोप मऊ करून पोहोचवण्यात आईची वर्षे जातात. तिच्या मागे बापलेकांपाशी बोलण्यासारखे काहीच उरत नाही, हे पुष्कळ घरांत उशिरा लक्षात येते. ‘लेकी बोले सुने लागे’ ही म्हण असाच दुसरा त्रिकोण दाखवते. टोमण्याचा सामाजिक फायदा असा की बोलणाऱ्याला ‘मी तुला म्हणालेच नाही’ असे म्हणून जबाबदारी झटकता येते. तोटा असा की ज्याला तो लागतो त्याला उत्तर देण्याची जागाच राहत नाही आणि न दिलेले उत्तर मनात घर करून बसते.

मागणी, माघार आणि तुच्छता

एकदा विसंवाद रुळला की त्याला ठरावीक वळण लागते. अँड्र्यू क्रिस्टेन्सेन यांनी अभ्यासलेले ‘मागणी आणि माघार’ हे वळण त्यांत सर्वांत परिचित आहे : एक जण बदल मागतो, तक्रार करतो, विषय लावून धरतो, दुसरा विषय टाळतो, गप्प होतो, मोबाइलमध्ये डोके घालतो किंवा घराबाहेर पडतो. तो टाळतो म्हणून ती अधिक बोलते आणि ती अधिक बोलते म्हणून तो आणखी टाळतो. आपण केवळ समोरच्याला प्रत्युत्तर देत आहोत असे दोघांनाही प्रामाणिकपणे वाटते. बहुतेक वेळा मागणी पत्नीची आणि माघार पतीची दिसत असली तरी हा केवळ स्वभावाचा भाग नव्हे. ज्याला बदल हवा असतो तो मागतो आणि ज्याला आहे तीच स्थिती सोयीची असते तो टाळतो, असे क्रिस्टेन्सेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या अभ्यासांत आढळले. घरकाम आणि मुलांचे संगोपन यांचा बहुतेक भार जिच्यावर असतो तीच बदल मागत राहते, यात म्हणूनच आश्चर्य नाही.

वॉशिंग्टन विद्यापीठातील जॉन गॉटमन यांनी 1986 पासून प्रयोगशाळेत जोडप्यांच्या संभाषणांचे चित्रण करून त्यांचे सूक्ष्म निरीक्षण केले आणि चार घातक सवयी वेगळ्या काढल्या : कृतीऐवजी माणसावरच केलेली टीका, तुच्छता, बचावाचा पवित्रा आणि संवादच बंद करून टाकणे. कोणता विवाह मोडेल याच्या त्यांच्या भाकितांच्या अचूकतेवर इतर संशोधकांनी आक्षेप घेतले असले, तरी या चार सवयींचे वर्णन मोलाचे मानले जाते आणि त्यांपैकी तुच्छता सर्वांत विषारी ठरते, कारण ‘हे तू चुकीचे केलेस’ यापुढे जाऊन ती ‘तुझी लायकीच नाही’ असे सांगते. गॉटमन यांच्या दुसऱ्या एका निरीक्षणात, सहा वर्षांनंतर एकत्र असलेल्या जोडप्यांनी विवाहाच्या सुरुवातीच्या काळात एकमेकांच्या लहानसहान हाकांना, म्हणजे ‘हे बघ’, ‘आज काय झालं माहीत आहे का’ अशा प्रयत्नांना, 86 टक्के वेळा प्रतिसाद दिला होता; विभक्त झालेल्यांत हे प्रमाण 33 टक्के होते. यावरून मोठ्या वादांहून रोजच्या छोट्या हाकांकडे होणारे दुर्लक्ष अधिक निर्णायक ठरते, असा निष्कर्ष निघतो.

न सांगितलेल्या गोष्टीचे परिणाम किती खोल असू शकतात याचे मराठीतील मोठे उदाहरण लक्ष्मीबाई टिळक यांच्या 1934 पासून प्रसिद्ध झालेल्या ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्रात मिळते. लक्ष्मीबाईंचे पती नारायण वामन टिळक यांनी 10 फेब्रुवारी 1895 रोजी मुंबईत ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्यांच्या मनात अनेक दिवस चाललेल्या मंथनात पत्नी सहभागी नव्हती आणि निर्णयाचा आघात तिच्यावर एकदम कोसळला. त्यानंतर काही वर्षे लक्ष्मीबाई नातेवाइकांच्या आधाराने पतीपासून दूर राहिल्या. मतभेद इतका मोठा असूनही हे नाते तुटले नाही, कारण पत्रे आणि भेटी यांतून दोघांमधील बोलणे पुन्हा सुरू झाले, त्या पुन्हा पतीकडे आल्या आणि स्वतःच्या विचाराने 1900 मध्ये त्यांनीही तो धर्म स्वीकारला. धर्माएवढा मतभेद असतानाही संवाद जिवंत राहू शकतो आणि क्षुल्लक मतभेदावर तो मरूही शकतो. नात्याचे भवितव्य मतभेदाच्या आकारावर ठरत नाही, हे यातून दिसते.

बैठक आणि न्यायालय

मराठवाड्यात नवराबायकोचा वाद वाढला की प्रथम दोन्हीकडचे वडीलधारे बैठक बसवतात. तिथे कोणी काय करायचे आणि काय करायचे नाही हे ठरते, प्रसंगी लिहूनही घेतले जाते, मात्र ज्यांचा संसार आहे ते दोघे तिथे सर्वांत कमी बोलतात. वागणुकीच्या अटी ठरतात आणि दुरावा जागच्या जागी राहतो, म्हणून अनेक प्रकरणे काही महिन्यांनी पुन्हा उभी राहतात.

1984 च्या कौटुंबिक न्यायालय कायद्याने वेगळी दृष्टी स्वीकारली. समेटाची शक्यता असेल तिथे आधी तसा प्रयत्न करणे हे न्यायालयाचे कर्तव्य ठरवले गेले, समुपदेशकांची तरतूद झाली आणि वकील लावणे हा पक्षकारांचा आपोआप मिळणारा हक्क राहिला नाही. छत्रपती संभाजीनगरातही असे कौटुंबिक न्यायालय कार्यरत आहे. समुपदेशनाचा विशेष हा की तिथे दोघांना नातेवाइकांशिवाय, एका तटस्थ व्यक्तीसमोर, स्वतःच्या तोंडाने बोलावे लागते. पण ही संधी येते तेव्हा अनेकदा दोन्ही बाजूंनी अर्ज, तक्रारी आणि आरोप दाखल होऊन मने घट्ट झालेली असतात.

कायद्याची मर्यादाही येथेच दिसते. 1955 च्या हिंदू विवाह कायद्याच्या कलम 9 अन्वये, ज्याला बोलीभाषेत ‘नांदायला येण्याचा दावा’ म्हणतात तो दाखल करून जोडीदाराने एकत्र राहावे असा आदेश मिळवता येतो, परंतु एकत्र राहून एकमेकांशी मनाने जोडले जावे असा आदेश कोणतेही न्यायालय देऊ शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2007 मध्ये मानसिक क्रूरतेची काही उदाहरणे नमूद करताना स्पष्ट केले की नुसता थंडपणा किंवा मायेचा अभाव म्हणजे क्रूरता नव्हे. मात्र सततची तुसडी भाषा, उदासीनता आणि दुर्लक्ष यांनी जोडीदाराचे वैवाहिक जीवन असह्य होईल अशी पातळी गाठली तर ती क्रूरता ठरू शकते. या दोन टोकांच्या मधल्या विस्तीर्ण प्रदेशात बहुतांश दुरावलेली नाती वर्षानुवर्षे जगत असतात आणि तिथे कायद्याला फारसे काम नसते.

उपाय आणि त्यांची सीमा

उपाय साधे आहेत, पण सवय मोडावी लागत असल्याने सोपे नाहीत. पहिला उपाय अर्थ पडताळून घेण्याचा : उत्तर देण्याआधी ‘तुझे म्हणणे असे आहे ना?’ असे समोरच्याचे म्हणणे आपल्या शब्दांत मांडून विचारावे. दुसरा, तक्रार माणसाविषयी न करता प्रसंगाविषयी करावी. ‘तुम्हाला घराची काही पडलेलीच नाही’ याऐवजी ‘काल बाळाला दवाखान्यात एकटीने न्यावे लागले, तेव्हा फार घाबरायला झाले’ असे म्हटले की ऐकणाऱ्याला बचावाची गरज कमी वाटते. तिसरा, राग अनावर झाला असेल तर विषय थांबवावा, पण पुन्हा कधी बोलायचे ते सांगून थांबवावा. गॉटमन यांच्या मते शरीरातील खळबळ शमायला किमान वीस मिनिटे लागतात, आणि वेळ न सांगता केलेली माघार समोरच्याला शिक्षेसारखी वाटते. चौथा, निरोप्याला मोकळे करावे. वडिलांना मुलाशी आणि सासूला सुनेशी जे बोलायचे आहे ते त्यांनी थेट बोलावे. पाचवा, शिफ्ट आणि कामे सांभाळून दिवसातला थोडा वेळ असा ठेवावा की ज्यात पाणी, पैसा आणि अभ्यास यांविषयी एक शब्दही निघणार नाही. सर्व मतभेद मिटलेच पाहिजेत असा आग्रह मात्र धरू नये, कारण गॉटमन यांच्या निरीक्षणानुसार जोडप्यांमधील सुमारे 69 टक्के मतभेद कायमचे राहणारे असतात. सुखी जोडपी ते मिटवत नाहीत, त्यांच्याविषयी कडवटपणाशिवाय बोलत राहतात.

या सर्व विवेचनाला एक ठाम सीमा आहे. जिथे मारहाण आहे, धमकी आहे, पैसा रोखून धरला जातो किंवा बोलल्यास काय होईल याची भीती आहे, तिथला प्रश्न विसंवादाचा नसून सत्तेचा आणि अत्याचाराचा असतो, आणि पीडित व्यक्तीला ‘नीट बोलून बघ’ असा सल्ला देणे हे तिलाच दोषी धरणे ठरते. अशा वेळी 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्याखालील संरक्षण अधिकारी, 181 ही महिला मदतवाहिनी आणि 112 हा आपत्कालीन क्रमांक यांचा आधार घ्यावा. दुराव्याबरोबर सततची उदासी, झोप उडणे किंवा जगण्याचा वीट येणे अशी लक्षणे असतील तर टेली-मानस या शासकीय सेवेच्या 14416 या क्रमांकावर विनामूल्य मार्गदर्शन मिळते, तसेच ‘घाटी’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयातही मनोविकारतज्ज्ञांना दाखवता येते.

भीती नाही आणि माया आहे, तरीही बोलणे आटले आहे, अशा घरांची संख्या फार मोठी आहे आणि त्यांना न्यायालयाची किंवा बैठकीची गरज पडण्याआधी पुष्कळ काही करता येण्यासारखे आहे. आपल्या माणसाला आपण पूर्ण ओळखतो हा विश्वास बाजूला ठेवून, परक्याला विचारावे तसे त्याला विचारावे आणि मिळालेले उत्तर आपल्या अंदाजापेक्षा वेगळे निघाले तर ते खरे मानावे. दुरावा कमी करण्याची सुरुवात वाचकाला आपल्याच घरात, आणि कोणाची वाट न पाहता, करता येईल.